भूरूपे आणि हवामान यांचे नेमके शब्द: सुरुवात कोठून करावी

निसर्गाचे वर्णन लिहिण्यासाठी आपण आरंभीच असे शंभर शब्द पाठ करू नयेत. ज्यांत हमखास गल्लत होते, ते आधी पक्के करावेत.

हवेतील सूक्ष्म जलकणांमुळे दृश्यता, म्हणजे किती दूरचे दिसते ते अंतर, १ किलोमीटरपेक्षा कमी झाली, तरच हवामानशास्त्र त्याला धुके म्हणते. दव तर आकाशातून पडतच नाही. हवेतील बाष्प गार पानावर किंवा दगडावर सांद्रित होऊन, म्हणजे त्याचे पाणी बनून, ते तेथेच तयार होते, म्हणून ‘दव साचले’ हे मला अधिक अचूक वाटते.

जमिनीबाबत सर्वांत मोठी चूक म्हणजे प्रत्येक उंचवट्याला डोंगर म्हणणे. सुळका, कडा, पठार हे शब्द आकार सांगतात, आणि वाचकाला चित्र दिसते ते आकारामुळेच. कण २ मिलिमीटरहून मोठा असेल, तर त्याला वाळू म्हणू नये. खडकांची वर्गवारी तूर्त बाजूला ठेवावी.