कॅमेऱ्याविना सिनेमा: वाचकांचे प्रश्न

प्रश्न: मिका तानिला या फिनिश कलावंताचा ‘मान्नेरलात्ता’ कॅमेऱ्याविना केला आहे म्हणतात. हे कसं शक्य आहे? घरी लहानसा प्रयोग करता येईल का?

उत्तर: २०१६ चा हा ७४ मिनिटांचा चित्रपट फोटोग्रामचा आहे. कोऱ्या ३५ मिमी फिल्मवर वस्तू थेट ठेवायची आणि वरून प्रकाश पाडायचा. धुतल्यावर झाकलेला भाग पारदर्शक राहतो, उघडा भाग काळा होतो. विषय विमानभयाचा आणि वेळपट्ट्यांच्या गोंधळाचा. विमानतळावरच्या क्ष-किरण यंत्रात सामान दिसतं, तशीच ही चित्रं दिसतात. त्यामुळे तंत्र आणि विषय इथे एकजीव झाले आहेत. संवादांऐवजी पडद्यावर फिनिश लेखक हॅरी साल्मेन्निएमी यांचा मजकूर येतो.

घरी करायचं तर कृष्णधवल प्रिंट फिल्म (चित्रपटाच्या प्रती काढायची फिल्म) घ्या. तिला लाल प्रकाश दिसत नाही, म्हणून अंधाऱ्या खोलीत लाल दिव्याखाली काम करता येतं. नेहमीची निगेटिव्ह फिल्म लाल दिव्यातही धुरकटते. दिव्याचीही खात्री करा: पट्टीवर नाणं ठेवून पाच मिनिटं लाल दिव्याखाली सोडा, मग धुवा. नाण्याचा गोल उमटला तर तो दिवा चालणार नाही.

एक मीटरची पट्टी टेबलावर इमल्शनची (प्रकाश टिपणाऱ्या थराची) बाजू वर करून ठेवा; ती फिकट आणि मॅट दिसते. वस्तू चिकटून बसायला हवी, उचललेली राहिली तर कडा पुसट येतात. प्रकाशासाठी एक मीटर उंचीवरून छोटा टॉर्च पुरतो. आधी तुकड्यांवर अर्धा, एक, दोन सेकंद असं करून पाहा. मग फोटोच्या कागदासाठीचा डेव्हलपर (चित्र उमटवणारं रसायन) २० अंशांवर दोन-तीन मिनिटं, स्टॉप बाथ (ती क्रिया थांबवणारं), फिक्सर (चित्र पक्कं करणारं). फिक्सरमध्ये फिल्मचा दुधाळपणा जायला जितका वेळ लागेल, त्याच्या दुप्पट ठेवा. शेवटी भरपूर वाहतं पाणी.

खरी गंमत गणितात आहे, आणि फसगतही तिथेच होते. ३५ मिमीवर एका चौकटीला, म्हणजे एका चित्राला, कडेची चार छिद्रं, म्हणजे १९ मिमी. सेकंदाला २४ चौकटी. तुमची मीटरभर पट्टी जेमतेम सव्वादोन सेकंदांत संपते! ३० सेंमीचा दोरा लांबीत ठेवला तर तो सुमारे सोळा चौकटींत तुटून थरथरत धावतो. पानासारखी वस्तू स्थिर दिसायला हवी असेल, तर दर चार छिद्रांमागे तिची जागा तंतोतंत तीच हवी. मिलिमीटरभर चुकलात की चित्र उडी मारतं. पट्टीच्या कडेला, ध्वनिपट्टीच्या जागेत वस्तू गेली तर प्रोजेक्टर तिलाच आवाज म्हणून वाजवतो. मुद्दाम करून पाहाच.

प्रश्न: फिल्मवर रंगवायचं असेल तर?

उत्तर: एइनो रूत्सालो यांनी १९६० च्या दशकात फिनलंडमध्ये फिल्म रंगवून आणि खरवडून काम केलं. अल्कोहोलवर आधारित मार्कर वापरा. जाड रंग वाळल्यावर सुटतो आणि प्रोजेक्टरच्या गेटमध्ये (फिल्म जिथून सरकते त्या फटीत) अडकतो. खरवडताना सुई इमल्शनच्या बाजूनेच फिरवा आणि छिद्रांना धक्का लावू नका.