याझू हा बँड दोनच अल्बम काढून का फुटला?

या ब्रिटिश बँडमधले दोघंच कलाकार, व्हिन्स क्लार्क आणि ॲलिसन मॉये, यांचं आपसात जमलं नाही म्हणून. यशाला काही तोटा नव्हता. डेपेश मोड हा बँड सोडून आलेला क्लार्क आणि ब्लूज गाणारी मॉये, दोघंही एसेक्समधल्या बॅसिल्डनचे. पण नीट ओळख होण्याआधीच १९८२ मध्ये ‘ओन्ली यू’ हे त्यांचं गाणं ब्रिटनमध्ये दुसऱ्या क्रमांकावर गेलं. आपण एकमेकांशी मोकळेपणी बोललोच नाही, असं दोघांनी नंतर मुलाखतींत सांगितलंय. १९८३ मध्ये दुसरा अल्बम पहिल्या क्रमांकावर पोचला तेव्हा बँड मोडलेला होता. फार हळहळ वाटते, कारण क्लार्कच्या मोजूनमापून वाजणाऱ्या सिंथवर (सिंथेसायझर या इलेक्ट्रॉनिक वाद्यावर) मॉयेचा तो भरदार, दुखरा आवाज हे रसायन पुन्हा कुणालाच तसं जमलं नाही. मात्र कायमची फारकत झाली नाही: २००८ मध्ये दोघं दौऱ्यासाठी पुन्हा एकत्र आले.