सर्कशीतली वाघीण नेमकी कोणती?

प्रश्न असा आहे: अमेरिकेतल्या जुन्या सर्कशींवरच्या लेखाचा अनुवाद करताना ‘वॅगन’साठी सगळीकडे ‘वाघीण’ लिहिलं तर चालेल का?

नाही चालणार. मालडब्याला आपण म्हणतो ती वाघीण ‘वॅगन’वरूनच आली, हे खरं. ‘रिक्रूट’चा रंगरूट झाला, तशी ‘वॅगन’ कानाला ओळखीच्या जनावरापाशी येऊन थांबली आणि स्त्रीलिंगीही झाली. (ज्या इंग्रजीला वाघिणीचं दूध म्हणायचं, तिचीच ही देणगी.) पण सर्कसवाल्यांची वॅगन रुळांवर धावत नाही. ती घोड्यांनी ओढायची, पुढे दांडी असलेली गाडी. तिला ‘गाडा’ म्हणा. वाघीण म्हणजे सर्कस रेल्वेने गावोगाव जाताना तो गाडा ज्यावर चढतो ती, ‘फ्लॅटकार’, बिनकठड्याची.

फरक का जपायचा, ते गाडे चढवण्याच्या त्या काळच्या पद्धतीवरून कळतं. १८७२ साली अमेरिकी सर्कसमालक पी. टी. बार्नम यांच्या सर्कशीत त्यांचे भागीदार डब्ल्यू. सी. कूप यांनी ती रूढ केली. वाघिणींची रांग लावायची, मधल्या फटींवर लोखंडी पत्रे टाकायचे, म्हणजे आगगाडीभर एकच सलग रस्ता होतो. टोकाच्या वाघिणीला उतरत्या फळ्या लावायच्या. गाड्याला दोर बांधून घोडे तो वर ओढतात. दांडी धरून दिशा देणारा माणूस गाड्यापुढे चालतो. चाक कशाला अडलं की पुढचा आस वळतो आणि दांडी फटकन आडवी फिरते. सगळ्यात धोक्याचं काम या दांडी धरणाऱ्याचंच. गाडा जागेवर पोचला की चाकांखाली ठोकळे. उतरवताना दोराचे वेढे खुंटाला देऊन सैल सोडत जायचं, नाहीतर गाडा फळ्यांवरून सुसाट सुटतो.

वळतो फक्त पुढचाच आस, म्हणून सगळ्या दांड्या उतरायच्या टोकाकडे हव्यात. रेल्वेच्या यार्डात वाघिणींची रांग उलटी लागली तर गाडे पाठमोरे उतरवायची पाळी येते. क्रमही ठरलेला: भटारखान्याचे गाडे आधी खाली, कारण तंबू उभारणाऱ्यांना सकाळी जेवण लागतं.

तेव्हा ‘वाघिणीवरून गाडे उतरवले’ असं लिहा. आणि पिंजऱ्याच्या गाड्यात खरीखुरी वाघीण असेल, तर त्या वाक्यात सरळ ‘फ्लॅटकार’ लिहून मोकळे व्हा.