शिकागोचा महापौर कोण होणार, यापेक्षा त्याच्या हातात काय असणार

आपण दोन प्रश्न विचारले आहेत. २३ फेब्रुवारी २०२७ रोजी होणाऱ्या शिकागोच्या महापौरपदाच्या निवडणुकीत कोण निवडून येईल, हा पहिला; आणि नुकतेच पुण्याहून नेपरव्हिलला आलेल्या, पण येत्या हिवाळ्यात शहरात घर घेऊ पाहणाऱ्या आपल्यासारख्या कुटुंबाला त्याने काय फरक पडेल, हा दुसरा. आपण स्वतः व्हिसावर आहात आणि सौ. येथील नागरिक आहेत, असेही आपण लिहिले आहे, म्हणून उत्तर त्या हिशेबाने देतो.

आधी एक गैरसमज दूर करतो. अंधेरी जशी मुंबईत मोडते, तसे नेपरव्हिल शिकागोत मोडत नाही. ते स्वतंत्र शहर आहे, त्याला स्वतःचा महापौर आहे आणि रोजचा कारभार नेमलेला व्यवस्थापक पाहतो, म्हणजे आपल्याकडच्या आयुक्तासारखीच काहीशी व्यवस्था. नेपरव्हिल, शॉमबर्ग, अरोरा येथील बरीच मराठी मंडळी ‘आम्ही शिकागोला असतो’ असे सांगतात. निवडणुकीच्या दिवशी मात्र शिकागोशी त्यांचा संबंध नसतो.

कोण निवडून येईल, हे मी सांगणार नाही, आणि आत्ताच ठामपणे सांगणाऱ्यांवर आपणही फार विसंबू नये. येथे महापौरपदासाठी पक्षचिन्हावर निवडणूक होत नाही. सगळे उमेदवार एकाच मतपत्रिकेवर असतात आणि कोणालाच निम्म्याहून अधिक मते मिळाली नाहीत, तर पहिल्या दोघांत पुन्हा लढत होते. या वेळी ती ६ एप्रिलला होईल. ही पद्धत भल्याभल्यांचे अंदाज चुकवते. २०१९ मध्ये चौदा उमेदवारांच्या गर्दीत लोरी लाइटफुट यांना पहिल्या फेरीत जेमतेम साडेसतरा टक्के मते होती, आणि दुसऱ्या फेरीत त्यांनी पन्नासच्या पन्नास वॉर्ड जिंकले. चार वर्षांनी, २०२३ मध्ये, त्याच लाइटफुट पहिल्याच फेरीत बाहेर पडल्या. त्या फेरीत पॉल व्हॅलस सुमारे ३३ टक्क्यांवर होते आणि ब्रँडन जॉन्सन सुमारे २२ टक्क्यांवर. तरी एप्रिलमध्ये जॉन्सन सुमारे २६ हजार मतांनी जिंकले. दोन्ही फेऱ्यांत मतदान ४० टक्क्यांच्याही खाली राहिले होते. त्यामुळे येथे उमेदवाराला किती लोक पहिली पसंती देतात, याइतकेच तो किती जणांना दुसरा म्हणून चालेल, हेही महत्त्वाचे ठरते. भरीला फेब्रुवारीचे हवामान आहेच. १९७९ साली रस्त्यांवरचा बर्फ वेळेवर हटला नाही, आणि त्या रागाचा फटका महापौर मायकेल बिलॅंडिक यांना तेव्हा होणाऱ्या डेमोक्रॅटिक पक्षांतर्गत निवडणुकीत बसला. जेन बर्न निवडून आल्या.

खरी चुरस फेब्रुवारीच्या कितीतरी आधी, शरद ऋतूत सुरू होते. महापौरपदाच्या उमेदवाराला नोंदणीकृत मतदारांच्या १२,५०० वैध सह्या लागतात, म्हणून लोकल गाडीच्या स्थानकांबाहेर पॅड घेतलेले कार्यकर्ते उभे दिसू लागतात. एकदा घाईत मी अशा कागदावर सही केली आणि पत्ता मात्र कार्यालयाचा लिहिला. कार्यकर्त्याने ती ओळ माझ्यासमोरच खोडली आणि शांतपणे म्हणाला, ‘मतदार यादीत जो पत्ता आहे तोच लिहा, नाहीतर समोरचे लोक ही ओळ उडवतील.’ समोरचे म्हणजे प्रतिस्पर्धी उमेदवाराचे वकील. ते एकेक सही यादीशी ताडून हरकती घेतात, त्यामुळे शहाणा उमेदवार गरजेच्या दुप्पट-तिप्पट सह्या गोळा करतो. काहींची उमेदवारी एकही मत पडण्याआधी येथेच संपते.

आता मुद्द्याकडे येतो. मुंबई-पुण्याचा महापौर नगरसेवकांनी निवडलेला आणि बराचसा मानापुरता असतो, खरी सत्ता आयुक्ताकडे असते. शिकागोचा महापौर मात्र थेट निवडलेला आणि सर्वशक्तिमान, अशी आपल्यापैकी अनेकांची समजूत असते. कायद्याने पाहिले तर शिकागोत पन्नास नगरसेवकांची परिषद प्रबळ आहे. रिचर्ड जे. डेली यांची २१ वर्षे आणि त्यांचे पुत्र रिचर्ड एम. डेली यांची २२ वर्षे, या काळात परिषदेने मान डोलावण्याची सवय लावून घेतली, म्हणून महापौर बलाढ्य दिसू लागला. त्या सवयीची किंमत पाहायची असेल, तर शहरात गाडी उभी करून पैसे भरताना पाहावी. २००८ च्या डिसेंबरमध्ये धाकट्या डेलींनी सुमारे ३६ हजार पार्किंग मीटर ७५ वर्षांसाठी, १.१५ अब्ज डॉलरला एका खाजगी कंपनीला देण्याचा प्रस्ताव आणला आणि परिषदेने अवघ्या काही दिवसांत तो ४० विरुद्ध ५ मतांनी मंजूर केला. ती रक्कम अल्पावधीत बहुतेक खर्च झाली. करार २०८३ पर्यंत चालणार आहे. रस्त्यावर जत्रा भरली वा दुरुस्ती निघाली आणि मीटर बंद राहिले, तर शहरालाच त्या कंपनीला भरपाई द्यावी लागते. मंजुरी देणारे लोक ज्याचा भार पतवंडांवर टाकून गेले, असा हा व्यवहार आहे.

अलीकडे ती सवय मोडताना दिसते. महापौर जॉन्सन यांनी २०२५ च्या अंदाजपत्रकासाठी मालमत्ता करात ३० कोटी डॉलरची वाढ सुचवली, तेव्हा नोव्हेंबर २०२४ मध्ये परिषदेने ती ५० विरुद्ध ० मतांनी फेटाळली. शाळांचेही तसेच होत आहे. १९९५ पासून शाळा मंडळ महापौरांच्या मुठीत होते. २०२७ च्या जानेवारीपासून त्यातील सर्व २१ सदस्य निवडून आलेले असतील. म्हणून कोणी उमेदवार ‘मी शाळा सुधारीन’ म्हणाला, तर नेमके कोणत्या अधिकाराने, हे विचारावे. कर्मचाऱ्यांच्या निवृत्तिवेतनाची तूट ३५ अब्ज डॉलरहून अधिक आहे आणि इलिनॉय राज्याची घटना त्या वेतनाला हात लावू देत नाही, त्यामुळे तेथेही नव्या महापौराला कर वाढवणे किंवा खर्च कापणे एवढेच उरते.

या सगळ्यामुळे माझा सल्ला असा, की सौ. नी मतपत्रिकेवर महापौराइतकेच लक्ष आपल्या वॉर्डाच्या नगरसेवकाच्या लढतीकडे द्यावे. ती त्याच दिवशी होते, तिची बातमी क्वचितच येते आणि निकाल कधीकधी काही शे मतांवर लागतो. घरासमोर काय बांधायला परवानगी मिळते, यात महापौरापेक्षा त्या नगरसेवकाचा शब्द अधिक चालत आला आहे.

आपल्यासाठी दोन सावधगिरीच्या गोष्टी. वाहन परवान्याच्या खिडकीवर मतदार नोंदणीबद्दल विचारतील, तेथे स्पष्ट नकार द्यावा. नागरिक नसताना झालेली नोंदणी, चुकून झाली तरी, पुढे नागरिकत्वाच्या अर्जाच्या आड येऊ शकते. तसेच व्हिसावर असताना कोणत्याही उमेदवाराला देणगी देऊ नये. ग्रीन कार्डधारकांना ती मुभा आहे, आपल्याला नाही. सौ. ना शहरात मत द्यायचे असेल, तर मतदानाच्या दिवसापर्यंत नव्या पत्त्यावर तीस दिवस पुरे झाले पाहिजेत. घर बदलायचेच असेल तर ते २० जानेवारीच्या आत बदलावे. नोंदणी राहून गेली तरी ती मतदानाच्या दिवशी केंद्रावरही होते. दोन ओळखपत्रे जवळ ठेवावीत आणि त्यांपैकी एकावर नवा पत्ता असावा.