किंमत ओळखा, पण वर जाऊ नका

प्रश्न : मंडळात ‘किंमत ओळखा’ हा खेळ घ्यायचाय. टीव्हीवर सुरुवातीला कसं चालायचं? – एक वाचक, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : १९५६ साली अमेरिकेत एनबीसी या टीव्ही वाहिनीवर ‘द प्राइस इज राइट’ हा खेळ आला, सूत्रधार बिल कलन. चार स्पर्धक समोरच्या वस्तूच्या किमतीसाठी लिलावासारखी बोली चढवत. खऱ्या किमतीच्या वर न जाता सर्वांत जवळ असेल तो जिंकायचा. १९७२च्या नव्या अवतारात प्रत्येकाला एकच बोली. तुम्हीही तीच पद्धत ठेवा. गोम मात्र तिथेच आहे: चपलेला कुणी ८०० म्हटलं, की शेवटचा गडी ८०१ म्हणतो. मग ८००वाल्याला नेमकी ८००च निघाली तरच आशा! म्हणून दर फेरीला क्रम फिरवा. सगळेच वर गेले, तर फेरबोली. गुळाची ढेप ठेवलीत, तर तिचं वजन आधी सांगा. छापील किंमत जाड कागदानं झाका, पातळातून आकडे दिसतात.