०.०८ आणि ०.१८ यांचं मध्यम प्रमाणपद ०.१२ कसं येतं?

तुमचा प्रश्न असा आहे: ०.०८ आणि ०.१८ यांचं मध्यम प्रमाणपद काढताना ०.३७९ येतं, उत्तरसूचीत मात्र ०.१२ दिलंय, मग चुकतंय कुठे?

सूत्र तुम्ही बरोबर वापरलंय: दोन्ही संख्यांचा गुणाकार करायचा आणि त्याचं वर्गमूळ घ्यायचं. घोळ दशांश चिन्हाचा आहे. ८ × १८ = १४४ इथपर्यंत ठीक. पण दोन्ही संख्यांत चिन्हानंतर दोन-दोन अंक आहेत, त्यामुळे गुणाकारात चार अंक हवेत, म्हणजे ०.०१४४. तुम्ही ०.१४४ धरलं असणार, कारण ०.३७९ हे त्याचंच वर्गमूळ आहे. ०.०१४४ चं वर्गमूळ ०.१२.

आता ०.३७९ कडे पुन्हा बघा. ही संख्या दिलेल्या दोन्ही संख्यांपेक्षा मोठी आहे, आणि तसं होऊच शकत नाही. लहान संख्येला ज्या पटीनं वाढवलं की मधलं पद मिळतं, त्याच पटीनं मधल्या पदाला वाढवलं की मोठी संख्या मिळायला हवी. इथे ती पट दीड आहे: ०.०८ ची दीडपट ०.१२, ०.१२ ची दीडपट ०.१८. म्हणून उत्तर कायम दोघांच्या मध्येच पडतं. शिवाय दोन संख्या वेगळ्या असतील तर ते त्यांच्या सरासरीपेक्षा लहानच असतं. इथे सरासरी ०.१३ आहे. एवढं पाहिलंत तरी दशांश चिन्ह सरकल्याची चूक बहुतेक वेळा तिथल्या तिथे सापडते.

मी स्वतः दशांश चिन्ह आधी बाजूलाच काढतो. दोन्ही संख्यांना १०० नं गुणलं की ८ आणि १८ उरतात, त्यांचं मध्यम प्रमाणपद १२, आणि १२ ला १०० नं भागलं की ०.१२. ०.०८ मीटर म्हणजेच ८ सेंटिमीटर, तसंच हे. मापं बदलली तरी गुणोत्तर तेच राहतं. मात्र गुणक दोघांना एकच हवा. ०.९ आणि ०.०२५ असतील तर दोघांनाही १००० नं गुणा: ९०० आणि २५, गुणाकार २२५००, वर्गमूळ १५०, उत्तर ०.१५.

हेच कागदावर काढूनही बघता येतं, आणि मला ते फार आवडतं. ८ सेमी आणि १८ सेमीचे रेषाखंड एका रेषेत जोडा आणि त्या २६ सेमीच्या व्यासावर अर्धवर्तुळ काढा. जोडबिंदूतून व्यासाला लंब काढा. तो वर्तुळाला भिडेपर्यंत मोजलात तर १२ सेमी भरतो. युक्लिडच्या ‘एलिमेंट्स’च्या सहाव्या पुस्तकातलं तेरावं विधान हेच आहे. पायथागोरसनंही ताळा पटतो: त्रिज्या १३, जोडबिंदू केंद्रापासून ५ वर, म्हणून लंब १२.

पुढच्या उदाहरणांत एक जागा सांभाळा. ०.५ आणि ०.०५ यांचा गुणाकार ०.०२५. इथे २५ दिसलं की हात आपोआप ०.०५ लिहितो. पण चिन्हानंतर तीन अंक आहेत आणि वर्गमूळ काढताना चिन्हापासून उजवीकडे दोन-दोनच्या जोड्या करायच्या असतात. म्हणून एक शून्य जोडून ०.०२५० लिहा. जोड्या ०२ आणि ५०, म्हणजे √२५० भागिले १००, साधारण ०.१५८. ०.०५ हे उत्तर तर दिलेल्या संख्यांपैकीच एक आहे, तेव्हा ते मधलं पद असणं शक्यच नाही.

−०.१२ चा वर्गही ०.०१४४ च येतो, पण दोन्ही संख्या धन असतील तर मध्यम प्रमाणपद धनच घ्यायचं.