कैरी की सोलं?

'ताई, मी ५४ वर्षांचा. मालवण तालुक्यात खाडीकाठी घर, थोडी कलमं, थोडे काजू. आई ७९ वर्षांची, माझ्याकडेच असते. बहीण लग्न होऊन पुण्याला. आमचा धाकटा भाऊ १६ वर्षांचा असताना जूनमध्ये, पहिल्या पावसात, खाडीत बुडाला. त्याला २७ वर्षं झाली. आईला त्रास नको म्हणून घरात तो विषय आम्ही काढत नाही.

गेल्या दिवाळीत बहिणीची कादंबरी आली. नावं बदललीत, बाकी सगळं आमचंच. त्यातला थोरला भाऊ कोरडा आणि हिशेबी आहे, म्हणजे कोण ते गावात सगळ्यांना कळलंय. तिला बक्षीस मिळालं, मला बाजारात तोंड दाखवायला जागा नाही. आणि कादंबरी तरी कसली? निम्मी पानं खाण्यापिण्याची, घडत काहीच नाही. आम्ही 'गारंबीचा बापू' वाचलेली माणसं. शिवाय लिहिलंय ते खोटं. आईला नीट दिसत नाही, ती दुपारी शेजारच्या कॉलेजातल्या मुलीकडून त्यातली जेवणाची दोन पानं पुन्हा पुन्हा वाचून घेते, मी आलो की पुस्तक उशीखाली सारते. परवा मी पडवीत होतो. आई स्वतः त्या मुलीला सांगत होती की सुंगटांच्या (कोळंबीच्या) कालवणात सोलं (आमसुलं) नव्हतीच, कैरी होती. यावरून काय ते समजा. वकिलाची नोटीस पाठवावी का? चवथीला बहिणीला घरात घ्यावं का? घर मी सांभाळलं, ती निघून गेली.'

— वैतागलेला थोरला

अहो थोरले, वकिलाचं राहू द्या. आधी मला त्या कैरीबद्दल सांगा.

तुमचं पत्र मी तीनदा वाचलं. बाजार, बक्षीस, बहीण, नोटीस यावर तुम्ही भरभरून लिहिलंय. आणि मध्येच, जाता जाता, पुरावा म्हणून एक ओळ टाकलीत: आई म्हणते सोलं नव्हती, कैरी होती. ती ओळ लिहून तुम्ही पुढे बाजारात निघून गेलात. मी अजून तिथेच बसलेय.

रातांबे, म्हणजे कोकमाची फळं, पिकतात एप्रिल-मेमध्ये. ते फोडायचे, बिया काढायच्या, सालं उन्हात टाकायची, संध्याकाळी पुन्हा रसात बुडवायची, सकाळी पुन्हा उन्हात. असं चार-पाच दिवस चालतं, आणि पाऊस लागायच्या आत सगळं बरणीत जायला हवं. हे तुम्हाला मी काय सांगणार, अंगण तुमचंच अडतं. म्हणजे नवी सोलं तयार व्हायच्या आधीच्या दिवसांत बरणीच्या तळाशी गेल्या वर्षीची चार काळी सालं उरलेली असतात, नाहीतर तीही नसतात. नेमक्या त्याच दिवसांत झाडावर कैरी असते. आंबटाला कैरी.

तेव्हा तुमची आई जे बोलली ते नीट ऐका. ती म्हणतेय की मुलगा जायच्या महिना-दीड महिना आधी एक दिवस होता. त्या दिवशी घरात सुंगटं आली होती. तिने बरणीत हात घातला, बरणी रिकामी होती, म्हणून तिने कैरी घातली. सत्तावीस वर्षांनी त्या बाईला बरणीचा तळ आठवतोय. आणि तुम्हाला वाटतंय की ती तुमच्या बाजूने साक्ष देतेय!

'आईला त्रास नको म्हणून विषय काढत नाही', असं तुम्ही लिहिता. हे कधी ठरलं? कुणी ठरवलं? तिला विचारून? मला वाटतं त्रास तुम्हाला होत होता आणि पावती तिच्या नावावर फाडलीत. कडू वाटेल. वाटू द्या.

आमच्या आजोळी एक मामा होता. म्हणजे भिंतीवर होता, चंदनाच्या हारात. त्याची तिथी आम्हा सगळ्या भाचरांना पाठ. त्या दिवशी पान वाढायचं, कावळ्याची वाट बघायची, कावळा शिवला की जेवायला बसायचं. पण तो मामा खोटं बोलायचा का, त्याला पोहता यायचं का, भातावर आधी आमटी घ्यायचा की आधी मासळी खाऊन टाकायचा, हे कुणाला ठाऊक नव्हतं. जिला ठाऊक होतं ती आजी मागच्या पडवीत शेंगा सोलत बसलेली असायची. तिला कुणी विचारलं नाही. मीसुद्धा नाही. मी तेव्हा कॉलेजात होते आणि कादंबऱ्या वाचत होते.

घरात मेलेल्या माणसाचं मरण तेवढं उरतं. तारीख उरते, फोटो उरतो, कुठल्या दगडापाशी सापडला ते उरतं. त्याचा एखादा साधा मंगळवार कुठे उरत नाही. तुमच्या बहिणीने त्याला एक दुपार परत दिली, ताटासकट. म्हणून तुमची आई अपघाताचं पान वाचून घेत नाही, ते तिला पाठ आहे. ती जेवणाचं पान वाचून घेते. 'घडत काहीच नाही' म्हणून तुम्ही जी पानं उडवून लावलीत, तिथे तुमचा भाऊ जिवंत बसून जेवतोय, आणि तिला त्याच्यासमोर बसायचंय.

हल्लीच्या घरादाराच्या, कुणीतरी गेल्याच्या कादंबऱ्या बऱ्याचदा अशाच असतात. अपघात एका ओळीत उरकतात आणि पंचवीस पानं धुतलेल्या कपड्यांवर. मलाही कधीकधी कंटाळा येतो, खोटं कशाला बोलू. पण ज्याच्या घरातलं माणूस गेलंय, तो त्या कपड्यांच्याच पानावर थांबतो. राहिला तुमचा बापू. 'गारंबीचा बापू' १९५२ सालची. श्री. ना. पेंडसे दापोली तालुक्यातल्या मुर्डीचे. त्यांनी ती माणसं काय आकाशातून आणली? आरवलीच्या जयवंत दळवींनी 'सारे प्रवासी घडीचे'मध्ये गावचा गाव उभा केला. दुसऱ्यांची घरं पुस्तकात आली तेव्हा तुम्ही चवीने वाचलीत. आता आपलं दार उघडलं तर नोटीस.

नोटिशीचंही सांगून टाकते. नॉर्वेमध्ये कार्ल उवे क्नाउसगार्ड नावाच्या लेखकाने बापाच्या मरणापासून सुरुवात करून २००९ ते २०११ या काळात स्वतःच्या घरावर सहा खंड लिहिले. त्याच्या काकाने कोर्टात खेचायची धमकी दिली. लेखकाने काही नावं बदलली, पुस्तक आलंच, आणि सहाव्या खंडात काकाचं ते भांडणही सविस्तर आलं. तुम्ही नोटीस पाठवा, बहिणीच्या पुढच्या कादंबरीची पहिली पन्नास पानं तिला घरपोच मिळतील. त्यातला थोरला याहून हिशेबी असेल.

मला जास्त आठवतेय ती आनी एर्नो. फ्रान्सची लेखिका, २०२२ चं साहित्याचं नोबेल तिला मिळालं. तिच्या आईबापांचं छोट्या गावात किराणा दुकान आणि कॅफे होतं. तिला दहावं वर्ष पुरं होत आलेलं असताना, १९५० च्या उन्हाळ्यात, तिची आई एका बाईशी बोलत उभी होती आणि ही जवळपास खेळत होती. आई त्या बाईला सांगत होती की आपल्याला आधी एक मुलगी होती, सहा वर्षांची असताना घटसर्पाने गेली. एर्नोला हे पहिल्यांदा कळलं ते असं, बाजूला उभं राहून. आईबापांनी तिला त्या बहिणीबद्दल पुढे कधीही काही सांगितलं नाही, तिनेही कधी विचारलं नाही. दोघंही गेले. मग २०११ मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, तिने त्या न पाहिलेल्या बहिणीला एक पत्र लिहिलं, पुस्तकाएवढं.

आई परक्या बाईला सांगते, पोटच्या पोरीला नाही. ओळखीचं वाटतंय का? तुमच्या आईलाही शेजारची पोर चालते. त्या पोरीचा चेहरा पडत नाही, ती उठून पंप बघायला जात नाही, 'आये, कशाक आता तां' म्हणत नाही. ती फक्त म्हणत असणार, 'मग काय झाला, आजी?' आणि तुम्ही आलात की पुस्तक उशीखाली. एकोणऐंशी वर्षांची बाई स्वतःच्या घरात, स्वतःच्या मुलाची आठवण, दुसऱ्या मुलापासून लपवते. हे वाचून माझा जीव तुमच्यासाठी नाही तुटला. तुम्ही घर सांभाळलंत हे मान्य, कौलं परतलीत, कलमं राखलीत, आईचं औषधपाणी केलंत. पत्रात ते आलंय, मी वाचलं. पण त्या घरात तिला बोलायला जागा नव्हती, आणि दारावर तुम्ही बसला होतात.

बहिणीची वकिली मी करत नाही. लिहिण्याआधी तिने आईपाशी बसायला हवं होतं, मग सोलांची चूक झाली नसती. तिचं पत्र आलं तर तिलाही झाडीन. पण एका परीने बरं झालं ती चुकली. बरोबर लिहिलं असतं तर आईने ऐकून घेतलं असतं, डोळे पुसले असते, आणि गप्प राहिली असती. चूक ऐकल्यावर कुठली बाई गप्प बसते? स्वयंपाकातली तर नाहीच.

चवथीला बहीण येईल. घर तिचंही आहे. यावर मी आणखी शाई घालवणार नाही.

तुम्ही करायचं ते एकच. हे वाचाल त्याच्या दुसऱ्या दिवशी, दुपारचं जेवण झाल्यावर, बागेत न जाता आईच्या खाटेपाशी बसा. शेजारची मुलगी आली तर तिला परत पाठवू नका, इतके दिवस तुमचं काम ती करतेय, तिला बसू द्या. उशीखालचं पुस्तक मागून घ्या. आई लगेच देणार नाही. थांबा. मग ती दोन पानं तुम्ही वाचा, मोठ्याने. पुस्तकी वाचायची सवय नसेल तर अडखळाल, अडखळा. 'सोलं' या शब्दापाशी ती तुम्हाला थांबवेल. 'सोलां खय होती तेवा? कैरी घातलेलंय मी', असं काहीतरी म्हणेल. तिथे 'बघ, मी म्हटलं नव्हतं?' असं चुकूनही म्हणू नका. पुस्तक मिटू नका, तिच्याकडे बघत बसू नका, तिला ते आवडणार नाही.

फक्त विचारा, 'आये, कैरी कोणी काढलली?'

झाडावर तुम्ही चढला होतात की तो, मला माहीत नाही. तुम्हाला बहुतेक माहीत आहे. तिला तर नक्कीच. बागेला पाणी सोडायला त्या दिवशी उशीर होईल, ते धरून चाला.